निकालानंतर दाद कोठे मागावी?



शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले वाडवडील सांगत आले. ज्यांनी ही म्हण रूढ केली त्यांनी कोर्टात गेलेली वर्षे आणि वकिलांच्या घरी गेलेला पैसा डोळ्यांनी पाहिला होता. त्यांना दोष देता येत नाही. परंतु १९८६ साली ग्राहक संरक्षणाचा कायदा झाला आणि या म्हणीला थोडासा अपवाद निर्माण झाला. सदोष वस्तू गळ्यात मारणारा दुकानदार, पैसे घेऊन घराचा ताबा न देणारा बिल्डर, दावा नाकारणारी विमा कंपनी, यांच्याविरुद्ध साध्या कागदावर तक्रार लिहून, वकील न देताही, सामान्य माणसाला उभे राहता येऊ लागले. पहिली पायरी खरोखरच ठेंगणी झाली.

दुसरी पायरी मात्र तशी नाही. निकाल विरुद्ध गेला, किंवा मागितले त्याच्या अर्धेच पदरात पडले, किंवा आपण जिंकलो आणि प्रतिपक्ष वरच्या दारी गेला, म्हणजे कोणाकडे, किती दिवसांत आणि कोणत्या स्वरूपात दाद मागावयाची हा प्रश्न उभा राहतो. पहिल्या निकालापर्यंत स्वतःच्या हिमतीवर आलेली माणसे नेमकी येथे अडखळतात. आजच्या भाषणात एवढ्याच प्रश्नाचा विचार करावयाचा आहे.

प्रथमच सांगून टाकतो की मी वकील नव्हे. माझे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे, आणि हयात गेली ती मुलांना व्याकरण आणि अंकगणित शिकविण्यात. नोकरीतून मोकळा झाल्यावर शेजारपाजारची मंडळी कागदपत्रे वाचून घेण्यासाठी येऊ लागली, आणि त्यातून या विषयाचा नाद लागला. तेव्हा मी सांगेन ते वकिलाच्या सल्ल्याच्या जागी कोणी घेऊ नये. वकिलाकडे गेल्यावर त्याला काय विचारावे हे आपणांस ठाऊक असावे, इतकाच माझा हेतू आहे.

सध्या अमलात आहे तो २०१९ चा कायदा. तो २० जुलै २०२० पासून लागू झाला आणि पूर्वीच्या ‘मंचां’चे ‘आयोग’ झाले. मालासाठी वा सेवेसाठी दिलेली किंमत ५० लाख रुपयांपर्यंत असेल तर तक्रार जिल्हा आयोगाकडे, त्यावर २ कोटींपर्यंत राज्य आयोगाकडे, आणि त्याहून अधिक असेल तर दिल्लीच्या राष्ट्रीय आयोगाकडे जाते. हे आकडे ३० डिसेंबर २०२१ च्या नियमांनी ठरलेले आहेत. यांतील ‘दिलेली किंमत’ या दोन शब्दांवर जोर द्यावयाचा. विम्याच्या तक्रारीत दावा केवढाही मोठा असो, पाहावयाचा तो भरलेला हप्ता. ही पद्धत घटनेविरुद्ध नाही, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये दिला आहे. त्यामुळे सामान्य गृहस्थांचे बहुतेक वाद जिल्हा आयोगापासूनच सुरू होतात.

शाळेत वाक्यपृथक्करणाच्या तासाला मी मुलांना आधी कर्ता शोधावयास लावीत असे, आणि मग तो कर्ता कोणत्या विभक्तीत आहे ते विचारीत असे. निकालपत्र हाती आले की त्याचेही असेच पृथक्करण करावे. हा निकाल कोणी दिला, हा पहिला प्रश्न. तो सर्वजण विचारतात. दुसरा प्रश्न सहसा कोणी विचारीत नाही: देणाऱ्याने तो कोणत्या नात्याने दिला? मूळ तक्रार ऐकणारा म्हणून दिला, अपील ऐकणारा म्हणून दिला, की खालच्या आयोगावर देखरेख करणारा म्हणून? एकच राज्य आयोग या तिन्ही नात्यांनी निकाल देत असतो, आणि नाते बदलले की पुढची वाट बदलते. या प्रांतातील बहुतेक घोटाळा या दुसऱ्या प्रश्नाकडे झालेल्या दुर्लक्षातून होतो, असे माझे मत बनले आहे.

जिल्हा आयोगाच्या बाबतीत मामला सोपा आहे. त्याच्या निकालाविरुद्ध अपील राज्य आयोगाकडे, आणि मुदत ४५ दिवसांची. महाराष्ट्राचा राज्य आयोग मुंबईस असून नागपूर व छत्रपती संभाजीनगर येथे त्याची खंडपीठे बसतात; गोव्याचा राज्य आयोग पणजीस आहे. दिवाणी न्यायालय जिल्हा आयोगाचा निकाल तपासू शकत नाही. उच्च न्यायालयात थेट रिट अर्ज घेऊन गेले तर, कायद्याने अपिलाचा मार्ग दिलेला असता तो सोडून येथे का आलात, असे विचारून ते बहुधा परत पाठविते. ‘मोठ्या कोर्टात गेले म्हणजे मोठा न्याय’ अशी एक भाबडी समजूत सुशिक्षितांतही आढळते. तिच्यापायी पैसा जातो आणि मुदतही जाते.

अपिलासाठी निम्मी रक्कम भरावी लागते हे ऐकून कित्येक ग्राहक गप्प बसतात. ही समजूत अर्धीच खरी आहे. ज्याला निकालाप्रमाणे रक्कम द्यावयाची आहे, त्याने अपील केले तर त्याला त्या रकमेचा अर्धा भाग आधी भरावा लागतो. विमा कंपनीने ६ लाख द्यावेत असा निकाल झाला, तर कंपनीने ३ लाख भरल्याखेरीज तिचे अपील विचारात घेतले जात नाही. ही अट सक्तीची आहे, तीत सूट नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ साली स्पष्ट केले. परंतु ज्या ग्राहकाची तक्रार फेटाळली गेली, किंवा ज्याला मिळालेली भरपाई अपुरी वाटते, त्याला निकालाने काहीच देणे लागत नाही. मग निम्मे भरावयाचे ते कशाचे? त्याने निर्धास्तपणे अपील करावे. आणि जो जिंकला आहे त्याने एवढे ध्यानात ठेवावे की, प्रतिपक्षाने अपील दाखल केले एवढ्यानेच आपला निकाल थांबत नाही. वरच्या आयोगाने स्थगिती दिली आहे काय, हे विचारावे. दिली नसेल तर वसुलीचे काम पुढे चालवावे.

आता ज्या ठिकाणी सर्वांत अधिक माणसे फसतात त्या ठिकाणाकडे येतो.

माझ्या परिचयाच्या एक बाई आहेत. हयातभर रुग्णालयात परिचारिकेचे काम करून निवृत्त झालेल्या. यजमानांच्या शस्त्रक्रियेचे सुमारे साडेतीन लाख रुपये विमा कंपनीने नाकारले, तेव्हा त्यांनी स्वतःच्या हाताने तक्रार लिहून जिल्हा आयोगाकडे दिली. तारखांमागून तारखा पडत गेल्या, आणि बाईंनी एकही चुकविली नाही. पुढे त्यांनाच ज्वर आला. त्या तारखेस त्या हजर राहू शकल्या नाहीत आणि तक्रार गैरहजेरीच्या कारणावरून काढून टाकण्यात आली. कोणी जाणत्याने सल्ला दिला: “त्याच साहेबांपुढे अर्ज करा, ते पुन्हा लावून घेतील.” बाईंनी अर्ज केला. त्यावर तीन महिने गेले आणि उत्तर आले की, आपलाच हुकूम रद्द करण्याचा अधिकार या आयोगास नाही. तोपर्यंत ४५ दिवस कधीच उलटून गेले होते. कागद माझ्यापुढे ठेवून बाई म्हणाल्या, “मास्तर, मी तर ताप उतरल्याबरोबर अर्ज दिला होता. मग मला उशीर कसा झाला?”

या प्रश्नाचे उत्तर कायद्यात आहे, पण ते सामान्य माणसाला सुचण्यासारखे नाही. दिवाणी न्यायालयात गैरहजेरीत काढलेला दावा तेच न्यायालय पुन्हा घेऊ शकते. लोकांच्या मनात हाच नमुना बसलेला असतो. ग्राहक आयोगाचे तसे नाही. कायद्याने जेवढे अधिकार शब्दांनी दिले तेवढेच त्याला आहेत. जिल्हा मंच किंवा राज्य आयोग यांना स्वतःचे एकतर्फी हुकूम रद्द करता येत नाहीत, तो अधिकार फक्त राष्ट्रीय आयोगाला आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०११ साली महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात ठरविले. २०१९ च्या कायद्यानेही हा अधिकार राष्ट्रीय आयोगालाच ठेवला. जिल्हा आयोगाला पुनर्विलोकनाचा एक लहानसा अधिकार नव्याने मिळाला आहे, पण तो निकालपत्राच्या तोंडावरच दिसणाऱ्या चुकीपुरता, आणि त्यासाठी ३० दिवसांत अर्ज करावा लागतो. बेरीज चुकली, व्याजाची तारीख एका जागी एक आणि दुसऱ्या जागी दुसरी पडली, अशा जातीची ती चूक असावी. ‘माझा पुरावा नीट वाचला नाही’ हे पुनर्विलोकनाचे कारण नव्हे. ते अपिलाचे कारण आहे. तेव्हा तक्रार गैरहजेरीत निघाली, किंवा आपल्याविरुद्ध एकतर्फी निकाल झाला, तर त्याच दाराशी विनवणी करीत बसू नये. राज्य आयोगाकडे अपील करावे.

बाईंनी शेवटी तेच केले. अपिलाबरोबर विलंबमाफीचा अर्ज दिला. त्याला तापाच्या वेळचे डॉक्टरांचे कागद आणि जिल्हा आयोगापुढे केलेल्या त्या पहिल्या अर्जाची नक्कल जोडली. राज्य आयोगाने विलंब माफ केला आणि तक्रार पुन्हा ऐकण्यासाठी खाली पाठविली. म्हणजे इतक्या यातायातीनंतर बाई जेथे होत्या तेथेच परत आल्या. मध्ये एक वर्ष गेले, आणि यजमान त्या वर्षात वारले. तक्रार अजून चालू आहे.

चुकीच्या दारी प्रामाणिकपणे घालविलेला काळ विलंबाचे कारण म्हणून सांगता येतो, आणि आयोग तो पुष्कळदा मान्यही करतात. पण त्यावर भिस्त ठेवू नये. ग्राहकांचे वाद लवकर मिटावेत म्हणूनच कायद्याने मुदती आखूड ठेवल्या आहेत, विलंब माफ करताना हे विसरता कामा नये, असे सर्वोच्च न्यायालयानेच २०११ मध्ये बजावले आहे. प्रत्येक दिवसाचा हिशेब देता आला पाहिजे. येथे अंकगणित उपयोगी पडते.

राज्य आयोगाच्या निकालावर आले की मघाचा दुसरा प्रश्न खरा कामास येतो. मूळ तक्रारच राज्य आयोगाकडे दाखल झाली होती आणि तिच्यावर निकाल झाला, तर राष्ट्रीय आयोगाकडे सरळ अपील चालते. मुदत मात्र ४५ नव्हे, ३० दिवसांची. जिल्ह्याला ४५ म्हणून येथेही ४५ समजणारे पुष्कळ भेटतात. राज्य आयोगाने जिल्ह्यावरून आलेल्या अपिलात निकाल दिला असेल, तर पुन्हा सर्व पुरावा उलगडून दाखविण्याची सोय उरत नाही. दुसरे अपील करता येते, पण ते कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न गुंतलेला असेल तरच, आणि तो प्रश्न अपिलाच्या अर्जात नेमक्या शब्दांत मांडावा लागतो. रुग्णालयाचे बिल खरे की खोटे, हा वस्तुस्थितीचा प्रश्न झाला. त्यावर दोन आयोगांचे एकमत झाले की तो मिटला. परंतु पॉलिसी देताना ग्राहकाला न दाखविलेली अट त्याच्यावर बंधनकारक होते काय, हा प्रश्न कायद्याचा म्हणून मांडता येईल.

याखेरीज पुनरीक्षणाचा, कचेरीच्या भाषेत रिव्हिजनचा, एक मार्ग आहे. राज्य आयोगाने नसलेला अधिकार वापरला, असलेला वापरला नाही, किंवा अधिकार वापरताना बेकायदा वा गंभीर अनियमित वर्तन केले, तर राष्ट्रीय आयोग त्यात लक्ष घालतो. या अर्जास ९० दिवसांची मुदत आहे. निकाल पसंत नाही, एवढे कारण त्याला पुरत नाही.

राष्ट्रीय आयोगाच्या निकालाविरुद्ध कोठे जावे, याचा उलगडा तर अलीकडच्या काही वर्षांतच झाला. मूळ तक्रार राष्ट्रीय आयोगाकडेच होती तर ३० दिवसांत सर्वोच्च न्यायालयाकडे अपील. हे कायद्यातच लिहिलेले आहे. पण जिल्ह्यापासून चढत चढत दिल्लीपर्यंत गेलेल्या वादाचे काय? त्याच्यासाठी पुढचे अपील कायद्याने ठेवलेलेच नाही. पक्षकार एकदम सर्वोच्च न्यायालयात विशेष परवानगी मागावयास जात असत. २०२२ साली त्या न्यायालयाने सांगितले की, राष्ट्रीय आयोगाने अपिलात दिलेल्या निकालाविरुद्ध घटनेच्या २२७ व्या अनुच्छेदाखाली उच्च न्यायालयाकडे अर्ज चालतो. २०२३ साली एका विमा कंपनीच्या प्रकरणात त्याने आणखी पुढे जाऊन, आधी उच्च न्यायालयात जा, थेट आमच्याकडे येऊ नका, असे स्पष्ट केले.

तरीही एक पेच राहिलाच. उच्च न्यायालय म्हणजे कोणते? राष्ट्रीय आयोग दिल्लीत बसतो म्हणून दिल्लीचे, की तक्रार जेथे उद्भवली तेथले? पश्चिम बंगालमधील एका वादात २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दिल्लीचा नव्हे, कलकत्त्याच्या उच्च न्यायालयाचा अधिकार मान्य केला. सामान्य माणसाच्या दृष्टीने या निर्णयाचे मोल फार मोठे आहे. नागपूरच्या गृहस्थाला आपल्या नागपूर खंडपीठाकडे, गोमंतकीयाला गोव्याच्या खंडपीठाकडे जाता येते. दिल्लीत वकील शोधून त्याच्या तारखांसाठी गाडीभाडे खर्चण्याचे कारण उरले नाही. मात्र २२७ खालील अधिकार हा देखरेखीचा आहे. उच्च न्यायालय साक्षीपुरावा नव्याने तोलीत बसत नाही. खालच्याने आपली मर्यादा ओलांडली काय, किंवा उघड अन्याय झाला काय, एवढेच पाहते.

जुन्या तक्रारींविषयी दोन शब्द बोलले पाहिजेत, कारण त्या अद्यापि पुष्कळ घरांतून रेंगाळत आहेत. २० जुलै २०२० पूर्वी दाखल झालेली तक्रार जुन्या कायद्याखालीच, जेथे होती तेथेच चालते, असे २०२१ साली ठरले. आणि अशा तक्रारीतून निघालेल्या अपिलाला अनामतीचा जुनाच नियम लागू होतो, असे २०२२ साली. जुन्या कायद्यात जिल्ह्याच्या निकालाविरुद्धच्या अपिलाला निम्मी रक्कम किंवा २५,००० रुपये, आणि राज्य आयोगाच्या निकालाविरुद्ध निम्मी रक्कम किंवा ३५,००० रुपये, यांपैकी जे कमी असेल ते भरावे लागे. मुदत सर्वत्र ३० दिवसांची होती. म्हणून निकालपत्रावरची निकालाची तारीख पाहण्याआधी तक्रार दाखल झाल्याचे वर्ष पाहावे.

काही हुकूम असे आहेत की त्यांच्यावर अपीलच नाही. मध्यस्थीतून उभयपक्षी तडजोड झाली आणि तिच्यावर आयोगाने हुकूम केला, तर नंतर मन बदलून उपयोग नाही; सही करण्यापूर्वीच नीट वाचावे. निकाल न पाळणाऱ्यास आयोग कैद किंवा दंड करतो, त्याविरुद्ध वरच्या आयोगाकडे ३० दिवसांत अपील आहे. आपल्याकडे जिला दरखास्त म्हणतात त्या वसुलीच्या कामात झालेल्या हुकमांविषयी बरीच वर्षे गोंधळ होता. पुण्याच्या एका सहकारी गृहरचना संस्थेच्या प्रकरणात, ऑगस्ट २०२५ मध्ये, जुन्या कायद्यातील शब्दांची त्रुटी दुरुस्त करून वाचून सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, जिल्हा मंचाने दरखास्तीत केलेल्या हुकमाविरुद्ध राज्य आयोगाकडे एक अपील चालेल. त्यापुढे अपीलही नाही आणि पुनरीक्षणही नाही. जिंकूनही वर्षानुवर्षे हात रिकामे राहिलेल्या माणसांना यातून पुष्कळ दिलासा मिळावा.

घराच्या बाबतीत एक सावधगिरी. बिल्डरविरुद्ध तक्रार महारेराकडे केली असेल तर तो निकाल ग्राहक आयोगापुढे अपिलात नेता येत नाही. त्या कायद्याचे स्वतंत्र अपील न्यायाधिकरण आहे, मुदत ६० दिवसांची, आणि त्यानंतर उच्च न्यायालय. एकदा जी वाट धरली तिच्याच पुढच्या टप्प्यावर जावयाचे असते.

आता तारखांविषयी सांगून थांबतो. मुदत निकालाच्या तारखेपासून सांगितली असली तरी निकाल कळलाच नसेल तर ती कशी धावेल? पक्षकाराला निकाल कळविला गेला तेव्हापासून ती मोजावी, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली जुन्या कायद्याखालील एका प्रकरणात धरले होते. पण ‘मला कळले नाही’ असे तोंडाने सांगून भागत नाही. निकालाची प्रत पक्षकाराला विनामूल्य मिळते. ती मागून घ्यावी आणि तिच्यावर प्रत दिल्याची जी तारीख घातलेली असते ती वाचता येईल अशी आहे ना, हे खिडकीपाशीच पाहावे. प्रत टपालाने आली तर पाकीट फेकून देऊ नये. टपालाचा शिक्का दिसेल असे ते प्रतीला टाचून ठेवावे. त्याच दिवशी भिंतीवरच्या दिनदर्शिकेत पंचेचाळिसावा, किंवा राज्य आयोगाचा मूळ निकाल असल्यास तिसावा, दिवस मोजून त्यावर खूण करावी, आणि वकिलाची भेट त्या खुणेच्या निदान तीन आठवडे आधी घ्यावी. अपील लिहिणे, कागद लावणे, नकला काढणे यांत तेवढे दिवस सहज जातात.